‘४-२’ म्हणजे गोल नव्हेत, सामने

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या क्रीडा पानावर उत्तर अमेरिकेतील आइस हॉकीच्या कॅल्डर चषकाविषयी एक लहानशी चौकट छापून आली होती. २०२५ च्या ‘अंतिम सामन्यात’ अ‍ॅबट्सफर्ड कॅनक्स संघाने शार्लट चेकर्सचा ४-२ असा पराभव केला, असे तिच्यात म्हटले होते. देवगडसारख्या गावात, जिथे बर्फ दिसतो तो मासळीच्या पेटीत किंवा सरबताच्या गाडीवर, तिथे बसून कोणी या चौकटीवर पत्र लिहावे हे आपल्याला विचित्र वाटेल. परंतु चूक दोन आकड्यांची असली तरी तिच्यामुळे मूळ गोष्टच वाचकाच्या हातून निसटते. ते चार आणि दोन हे गोल नसून सामने आहेत. दोन्ही संघ एकमेकांशी सहा वेळा खेळले, त्यांपैकी चार सामने अ‍ॅबट्सफर्डने जिंकले आणि म्हणून चषक त्यांच्याकडे गेला. ‘अंतिम सामना’ अशी एक गोष्ट तिथे नसतेच, अंतिम मालिका असते.

मी निवृत्त क्रीडाशिक्षक आहे. माझा पुतण्या नोकरीनिमित्त पेनसिल्व्हेनियात राहतो आणि त्याच्यामुळे गेली काही वर्षे मला या खेळाची गोडी लागली आहे. मोठी नॅशनल हॉकी लीग, म्हणजे एनएचएल, सर्वांना निदान नावाने ठाऊक असते. तिच्या खालच्या पायरीवर १९३६ पासून चालत आलेली अमेरिकन हॉकी लीग आहे आणि कॅल्डर चषक हा तिचाच. तिच्यात आज ३२ संघ आहेत आणि प्रत्येक संघ एनएचएलमधील एकेका संघाशी जोडलेला आहे. त्याखाली १९८८ मध्ये सुरू झालेली ईसीएचएल येते. या ‘मायनर’ लीग म्हणवल्या जातात म्हणून त्यांना कमी लेखण्याचे कारण नाही, कारण एनएचएलमध्ये खेळणाऱ्यांपैकी सुमारे नव्वद टक्के खेळाडू अमेरिकन हॉकी लीगमधून वर गेलेले असतात.

ऑक्टोबर ते एप्रिल प्रत्येक संघ ७२ सामने खेळतो आणि मग प्लेऑफ, म्हणजे चषकाचा निकाल लावणाऱ्या मालिका, सुरू होतात. अमेरिकन हॉकी लीगमध्ये २०२२ पासून ३२ पैकी २३ संघांना त्यांत प्रवेश मिळतो. हा आकडा विषम का, याचे कुतूहल मला होते. चार विभागांतील संघांची संख्याच सारखी नाही, हे त्याचे उत्तर. पॅसिफिक विभागात दहा संघ असल्याने तिथले सात, अटलांटिकमधील आठांपैकी सहा आणि उरलेल्या दोन विभागांतील सातांपैकी पाच-पाच संघ पुढे जातात. वरच्या क्रमांकाच्या संघांना पहिल्या फेरीत बाय, म्हणजे न खेळताच पुढे चाल, मिळतो. बाकीचे पहिल्या फेरीत तीन सामन्यांच्या मालिका खेळतात आणि ज्याने दोन जिंकले तो पुढे जातो. पुढच्या दोन फेऱ्या पाच सामन्यांच्या, म्हणजे तीन विजय आवश्यक; त्यानंतरची उपांत्य आणि अंतिम मालिका सात सामन्यांची, म्हणजे चार विजय आवश्यक. मी आपल्या सोयीसाठी यांना ‘तिनात दोन’, ‘पाचात तीन’ आणि ‘सातात चार’ अशी नावे ठेवली आहेत. निकाल लागला की उरलेले सामने होत नाहीत, त्यामुळे सातांची मालिका चारांतही आटोपते. बाय मिळालेल्या संघाला चषकासाठी १४ विजय मिळवावे लागतात, न मिळालेल्याला १६.

एवढा खटाटोप कशासाठी, असा प्रश्न माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याने विचारला होता. आइस हॉकीत गोल थोडे होतात, चकती कोणाच्या तरी स्केटला लागून दिशा बदलते आणि एखाद्या रात्री एखादा गोलरक्षक भिंतीसारखा उभा राहतो. एका सामन्यात कमकुवत संघ जिंकणे हे त्या खेळात नवल नव्हे. समजा, दोन संघांपैकी एक इतका सरस आहे की कोणताही सामना जिंकण्याची त्याची शक्यता शंभरात साठ आहे. ‘तिनात दोन’ केल्यास तो पुढे जाण्याची शक्यता सुमारे ६५ होते, ‘पाचात तीन’ केल्यास ६८ आणि ‘सातात चार’ केल्यास ७१. हे गणित मी दहावीच्या मुलांना फळ्यावर करून दाखवीत असे. त्यातील खरी मौज अशी की सर्वांत मोठी उडी एका सामन्यावरून तीन सामन्यांवर जाताना मिळते आणि पुढे सामने वाढवीत नेले तरी पदरात पडणारा लाभ कमी होत जातो. हा मुद्दा मी पुढे पुन्हा काढणार आहे.

आकड्यांपेक्षा २०२३ ची अंतिम मालिका अधिक बोलकी आहे. एका बाजूला हर्शे बेअर्स होते, म्हणजे चॉकलेटच्या कारखान्यामुळे वसलेल्या गावाचा १९३८ पासून या लीगमध्ये असलेला संघ. दुसऱ्या बाजूला कॅलिफोर्नियाच्या वाळवंटातला कोचेला व्हॅली फायरबर्ड्स हा संघ, ज्याचा तो पहिलाच हंगाम होता. कोचेला व्हॅलीने आपल्या घरी पहिले दोन सामने ५-० आणि ४-० असे जिंकले. बाद पद्धत असती तर हर्शे पहिल्याच रात्री सामान बांधून निघाले असते. इथे मात्र पुढचे तीनही सामने हर्शेच्या घरी होते आणि ते तिन्ही त्यांनी एकेका गोलाच्या फरकाने जिंकले, त्यांतले दोन तर जादा वेळेत. सहावा सामना पुन्हा कोचेला व्हॅलीने घेतला. सातवा सामना आपल्याकडे २२ जूनच्या सकाळी साडेसातच्या सुमारास सुरू झाला. मिरग लागून पंधरवडा झाला होता, पडवीत पन्हाळीचे पाणी धो धो पडत होते, वीज रात्रीच गेलेली होती आणि पुतण्याने लावून दिलेला सामना मी मोबाइलची उरलीसुरली बॅटरी जपत पाहत होतो. हर्शे दोन गोलांनी मागे पडले, मग बरोबरीत आले आणि जादा वेळेत माइक व्हेकिओनीने गोल करून ३-२ असा सामना आणि ४-३ अशी मालिका संपवली. समोरची पेज केव्हाच गार झाली होती. पुढच्या वर्षी हर्शेने याच प्रतिस्पर्ध्याला ४-२ असे, म्हणजे सहा सामन्यांत, हरवून आपला तेरावा कॅल्डर चषक मिळवला.

जादा वेळेचाही वेगळा नियम आहे. साखळी सामन्यात बरोबरी झाली तर तीन-तीन खेळाडूंची पाच मिनिटे आणि मग शूटआउट असा झटपट निकाल लावतात. प्लेऑफमध्ये शूटआउट नाही. पाच-पाच खेळाडू घेऊन वीस-वीस मिनिटांचे डाव खेळत राहायचे आणि पहिला गोल होईल तेव्हा थांबायचे. ९ मे २०१८ रोजी शार्लट आणि लीहाय व्हॅली यांचा सामना असा पाचव्या जादा डावापर्यंत गेला. एकूण १४६ मिनिटे ४८ सेकंद खेळ झाला आणि लीहाय व्हॅलीचा गोलरक्षक अ‍ॅलेक्स लायन याने ९४ फटके अडवून आपला संघ २-१ असा जिंकवला. मध्यरात्र उलटून एक वाजून गेला होता. दशावतार पाहायला बसलेल्या माणसाला यात काही अजब वाटणार नाही, फरक इतकाच की आपल्याकडे राक्षस केव्हा मरणार हे आधीच ठाऊक असते.

आता ज्यासाठी हे पत्र मुख्यतः लिहीत आहे तो भाग. या मालिका केवळ न्यायबुद्धीने आखलेल्या नाहीत. त्या पैसा, प्रवास आणि सभागृहाची तारीख पाहून आखलेल्या आहेत. मोठ्या लीगमध्ये सात सामने दोन-दोन-एक-एक-एक असे घरी आणि बाहेर वाटले जातात. हर्शे आणि कोचेला व्हॅली यांच्यात सरळ रेषेत सुमारे साडेतीन हजार किलोमीटर अंतर, म्हणून तिथे दोन-तीन-दोन अशी विभागणी केली आणि विमानाच्या दोन फेऱ्या वाचवल्या. पाच सामन्यांच्या मालिकेत अनेकदा पहिले दोन सामने खालच्या मानांकनाच्या संघाच्या घरी आणि उरलेले तीन वरच्याच्या घरी ठेवतात, म्हणजे एकदाच गाव बदलावे लागते. रिंक असलेल्या सभागृहात मेमध्ये गाण्याचा कार्यक्रम किंवा पदवीदान समारंभ आधीच ठरलेला असेल, तर सामन्याने बाजूला व्हायचे. ईसीएचएलचे संघ तर बहुतेक प्रवास बसने करतात, तरीही केली चषकाच्या चारही फेऱ्या ‘सातात चार’ ठेवतात. २०२२, २०२३ आणि २०२४ असे सलग तीन वेळा तो चषक फ्लोरिडा एव्हरब्लेड्सने जिंकला. त्याहून लहान असलेल्या एसपीएचएल या लीगने २०१८ मध्ये ‘तिनात दोन’वर भागवले आणि एक गमतीचा प्रयोग केला. वरच्या तीन संघांनी पहिल्या फेरीतील आपापला प्रतिस्पर्धी स्वतःच, सर्वांदेखत निवडायचा. आपल्या गावात असे केले तर मैदानापेक्षा निवडीच्या सभेलाच अधिक गर्दी होईल, पण ते असो. सांगायचे इतकेच की अंथरूण पाहून पाय पसरणे त्यांनाही चुकलेले नाही, फक्त त्यांनी पाय अगदीच पोटाशी घेतले नाहीत.

खेळाडूंची पात्रता हा दुसरा प्रश्न, आणि तो आपल्याकडच्या आयोजकांना लगेच समजेल. एनएचएल संघ आपला करारबद्ध खेळाडू खालच्या संघातून वर बोलावू शकतो. उलट वरचा संघ स्पर्धेबाहेर पडला की त्याचे तरुण खेळाडू खाली येतात. खालच्या अंतिम फेरीसाठी वरून बलाढ्य खेळाडूंची फौज उतरू नये म्हणून हंगामाच्या अखेरीकडे, एनएचएलमधील खेळाडूंच्या अदलाबदलीची मुदत संपते त्या दिवशी, जो खेळाडू खालच्या संघाच्या यादीत असेल त्यालाच सामान्यतः कॅल्डर चषकाच्या प्लेऑफमध्ये खेळता येते. त्यामुळे पूर्वी त्या दिवशी कित्येक तरुण खेळाडू केवळ कागदोपत्री खाली पाठवले जात आणि लगोलग परत बोलावले जात. ‘एक गाव एक संघ’ स्पर्धेत आधार कार्ड तपासणाऱ्या आणि तरीही फायनलला मुंबईहून आलेला ‘आपलाच भाचा’ पाहून कपाळाला हात लावणाऱ्या आपल्या पंचांनी या नियमाचा विचार करून पाहावा. स्पर्धेच्या महिनाभर आधी यादी घ्यावी आणि ती ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी.

आता आपल्या स्पर्धांकडे येतो. शिमग्यानंतर मिरगापर्यंत आपल्या किनाऱ्यावर टेनिस बॉल क्रिकेट आणि कबड्डीच्या स्पर्धांना ऊत येतो आणि जवळपास सगळ्या बाद पद्धतीने होतात. गेल्या मे महिन्यात आमच्या भागातील एका कबड्डी स्पर्धेला खाडीपलीकडच्या गावातील मुले टेम्पोच्या हौद्यातून आली. संध्याकाळी सहाचा सामना पाहुण्यांच्या सत्कारामुळे रात्री साडेअकराला लागला, पहिल्या पाच मिनिटांत त्यांच्या मुख्य चढाईपटूचा घोटा मुरगळला आणि एका गुणाने हरून मुले पुन्हा टेम्पोत बसली. वर्षभराचा सराव चाळीस मिनिटांत संपला. वेळच नसतो, असे आयोजक सांगतात; चाकरमानी रविवारी रात्रीच्या गाडीने परत जातात, प्रकाशझोताचे भाडे रात्रीच्या हिशेबाने द्यावे लागते, आणि यांपैकी एकही अडचण खोटी नाही.

म्हणून मी ‘सातात चार’ मागत नाही. सोळा संघांच्या बाद स्पर्धेत एकूण १५ सामने होतात. पहिल्या दोन फेऱ्या आहेत तशाच ठेवून दोन उपांत्य लढती आणि अंतिम लढत ‘तिनात दोन’ केल्या, तर एकूण सामने १८ ते २१ होतील, म्हणजे तीन ते सहा सामने वाढतील. मघाशी सांगितलेली मोठी उडी एवढ्यातच पदरात पडते. सत्काराचे दोन तास वाचवले तर एक सांज बहुधा पुरेल, न पुरल्यास दुसरी घ्यावी. शनिवारी उपांत्य आणि रविवारी दुपारी अंतिम मालिका ठेवली, तर चाकरमान्यांची रात्रीची गाडीही चुकणार नाही. सोळा आणि आठ संघांसाठी अशा दोन वेळापत्रकांचे तक्ते मी हाताने आखून ठेवले आहेत. आपल्या क्रीडा पानावर जागा असल्यास ते छापावेत. नसल्यास जे मंडळ मागेल त्याला मी त्याची प्रत देईन, आणि येत्या मेमध्ये आमच्या वाडीच्या स्पर्धेत उपांत्य फेरीपासून हीच पद्धत वापरण्याचे मंडळाच्या बैठकीत ठरलेही आहे. तेव्हा त्या स्पर्धेची बातमी देताना ‘२-१’ हे गुण नसून सामने आहेत, एवढे कृपया लक्षात असू द्यावे.

आपला नम्र वाचक,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक,
देवगड, जि. सिंधुदुर्ग