ग्राहक आयोगाच्या निकालावर आधी अपीलच हवे

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

निपाणीत माझं मिरची कांडप आहे. मार्च ते मे आमचे कमाईचे दिवस, बाकी वर्ष हळद-धण्यावर निघतं. कोल्हापूरच्या एका विक्रेत्याकडून घेतलेलं यंत्र ऐन हंगामात बसलं. मोटर जळली, बदलून दिलेलीही जळली, आणि बायका संकेश्वरी-ब्याडगीचे डबे उचलून पलीकडच्या गल्लीत गेल्या. मी जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार केली. खरेदी कोल्हापूरची असली तरी २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याने आपण राहतो त्या जिल्ह्यात तक्रार करता येते. सीमाभागातल्या माणसाला ही फार मोठी सोय आहे. ‘धंद्यासाठी घेतलं, म्हणजे तुम्ही ग्राहक नाही’ हा विक्रेत्याचा मुद्दा टिकला नाही. स्वतः राबून पोट भरायला घेतलेली वस्तू कायदा ‘धंद्यासाठी’ घेतलेली धरत नाही. १,६४,००० रुपये व्याजासह परत करा, असा आदेश झाला.

पैसे मागायला गेले तर दुकानातला माणूस म्हणाला, “केस हायकोर्टात गेली मावशी, आता विसरा.”

विक्रेत्याने अपील न करता रिट, म्हणजे थेट उच्च न्यायालयात अर्ज, केली होती. अपील सोडून हे लोक रिट का करतात, ते हिशेब मांडला की कळतं. कलम ४१ प्रमाणे जिल्हा आयोगाच्या आदेशावर ४५ दिवसांत राज्य आयोगाकडे अपील करायचं असतं आणि आदेशातली निम्मी रक्कम भरल्याशिवाय ते दाखलच होत नाही. १९८६च्या कायद्यात निम्मी रक्कम किंवा २५,००० रुपये, यातलं जे कमी ते भरून भागत होतं. २० जुलै २०२०पासून नवा कायदा लागू झाला आणि ती सवलत गेली. माझ्या प्रकरणात व्याज सोडूनच ८२,००० रुपये आधी टेबलावर ठेवावे लागले असते. रिटला अशी अट नाही. शिवाय राज्य आयोगाचं मुख्य ठाणं बेंगळुरूत, तर उच्च न्यायालयाचं खंडपीठ आपल्या हायवेवर धारवाडला. खरं सांगायचं तर जायला-यायला मलाही धारवाडच बरं. पण सोयीसाठी कायद्यातली पायरी गाळायची कशी?

सर्वोच्च न्यायालयाने २०१२मध्ये सिसिली कल्लारकल प्रकरणात स्पष्ट बजावलं आहे की, आयोगाच्या आदेशावर कायद्याने अपील दिलेलं असताना उच्च न्यायालयांनी रिट ऐकणं योग्य नाही. दार कायमचं बंद आहे असं मात्र नाही. राष्ट्रीय आयोगाने अपिलात दिलेल्या निकालावर कायद्यात पुढचं अपीलच नाही, म्हणून तिथे राज्यघटनेच्या कलम २२७खाली उच्च न्यायालयात जाता येतं, हे त्याच न्यायालयाने २०२२मध्ये मान्य केलं. आयोगाला अधिकारच नव्हता किंवा समोरच्याची बाजूच ऐकली नाही, तर गोष्ट वेगळी. माझ्या विक्रेत्याची बाजू ऐकली होती, त्याचा वकील प्रत्येक तारखेला हजर होता. मोटर माझ्या चुकीने जळली, एवढंच त्याचं म्हणणं. हा अपिलाचा मुद्दा झाला, रिटचा नव्हे.

दुकानातल्या त्या वाक्यात आणखी एक मेख आहे. रिट दाखल झाली म्हणून आयोगाचा आदेश आपोआप थांबत नाही. स्थगितीचा लेखी आदेश लागतो. माझ्या प्रकरणात स्थगिती नव्हतीच. मी आयोगात अंमलबजावणीचा अर्ज टाकला. आदेश न पाळणाऱ्याला ग्राहक कायद्याच्या कलम ७२खाली एक महिना ते तीन वर्षं कैद किंवा किमान २५,००० रुपये दंड होऊ शकतो, हे कळल्यावर त्यांनी रिट मागे घेतली आणि निम्मी रक्कम भरून अपील केलं. ते आता चालू आहे. त्यात जे होईल ते होईल. माझी तक्रार अपिलाबद्दल नाहीच.

निपाणी, चिकोडी, बेळगावच्या वकील मंडळींना एकच विनंती: ग्राहकाच्या हातात निकालाची प्रत देताना ‘केस हायकोर्टात आहे’ असं कुणी म्हणालं तर आधी स्थगितीचा कागद मागा, एवढं त्याला सांगून ठेवा. आणि विक्रेत्याच्या बाजूने उभे असाल, तर त्याला ४५ दिवसांच्या आत बेंगळुरूचा रस्ता दाखवा.

आपली,
एक कांडपवाली, निपाणी