मार्क नको, तारीख मागा

मा. संपादक,

रिझल्ट लागले की आमच्या टायपिंगच्या दुकानात पोरांची गर्दी सुरू होते आणि दर वर्षी रडगाणं तेच, रिव्हॅल्युएशनचे (पेपर फेरतपासणीचे) पैसे भरून कधीचे झाले, पोर्टलवर नुसतं 'अंडर प्रोसेस' दिसतंय, आणि तोवर बॅकलॉगच्या (राहिलेल्या विषयांच्या) फॉर्मची लास्ट डेट आलीसुद्धा. मग पोरगं त्याच पेपरचे परत पैसे भरतं, परत अभ्यास करतं, आणि पेपर दिल्यावर कळतं की पहिल्यांदाच पास होता की! कुठल्या विद्यापीठाचं नाव घेत नाही, बाहेरगावी शिकणारी पोरंही हेच सांगतात.

अर्ज टाईप करायला आले की बहुतेकांचं पहिलं वाक्य ठरलेलं, 'मला मार्क वाढवून मिळावेत'. तिथंच घोडं पेंड खातंय. नियमात नसेल तर रिव्हॅल्युएशन हा हक्क नाही असं सुप्रीम कोर्टानं १९८४ लाच आपल्या महाराष्ट्र बोर्डाच्या केसमध्ये सांगितलंय, आणि कोर्ट काय स्वतः पेपर तपासत बसत नाही. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २०२३ च्या तक्रार निवारण नियमावलीत विद्यापीठाला पोरांच्या तक्रारी ऐकायला लोकपाल नेमायला लावलाय खरा, पण नेमकी गडबड किंवा भेदभाव दाखवल्याशिवाय फेरतपासणीचा अर्ज तोही घेत नाही. उशिराचं मात्र तसं नाही. वेळापत्रकापेक्षा निकाल लांबवणं ही त्याच नियमावलीत रीतसर तक्रार धरलीय. म्हणून मी पोरांना सांगतो, बाबांनो, मार्क नका मागू, निकाल कधी लावणार ती तारीख मागा.

राज्याच्या २०१६ च्या विद्यापीठ कायद्यात निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत लावा असं आहे, ते मूळ निकालाचं झालं, रिव्हॅल्युएशनला किती दिवस ते आपापल्या विद्यापीठाच्या नियमात किंवा परिपत्रकात बघायचं आणि त्याची झेरॉक्स अर्जाला जोडायची. अर्ज आवक-जावकला देऊन शिक्का मारलेली पोच घ्यायची. खिडकीवरचा माणूस 'पुढच्या आठवड्यात या' म्हणतो ते कुठं कागदावर येत नाही, आणि पोरं त्यावरच विसंबतात, हे बघून राग येतो हो. मग विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडं जायचं, तिला कामकाजाचे १५ दिवस आहेत, नाही जमलं तर पुढच्या १५ दिवसांत लोकपालाकडं अपील, आणि त्यांनी ३० दिवसांत मिटवायचं असतं.

सोबतच १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहिती अधिकार टाकायचा. २०११ च्या सुप्रीम कोर्ट निकालापासून आपली उत्तरपत्रिका आपल्याला बघायला मिळते हे आता सगळ्यांना माहीत झालंय, पण पोरं एक विचारायचं विसरतात, पेपर फेरतपासणीला कुठल्या तारखेला पाठवला आणि परत कधी आला. उत्तर ३० दिवसांत यायला पाहिजे. उशीर कुठं झाला ते मग लेखीच हातात येतं, आणि पुढं वकिलाला तेच लागतं.

ग्राहक मंचात जाऊन पैसे घालवू नका, परीक्षा घेणं ही ग्राहक कायद्यातली सेवा नव्हे असं सुप्रीम कोर्टानं २००९ मध्येच सांगून टाकलंय. खरंच वर्ष वाया जायची वेळ आली तर हायकोर्टात रिट, म्हणजे विद्यापीठाला आदेश द्या असा अर्ज. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठायला लागायची म्हणून घरचे हातपाय गाळायचे, पण १८ ऑगस्ट २०२५ पासून आपल्याकडं कोल्हापुरातच हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गची पोरंही इथंच येणार. अमुक तारखेच्या आत निकाल लावा आणि तोवर पुढच्या वर्षाला तात्पुरतं बसू द्या, एवढंच मागायचं. मुलींना तर उत्पन्न न बघता विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट वकील मिळतो, जिल्हा कोर्टात जाऊन चौकशी करा, किती आई-बापांना हे ठाऊकच नाही.

साहेब, तुम्हाला एकच विनंती, रिझल्टच्या सीझनला तुम्ही टॉपर पोरांचे फोटो छापता ते छापाच, पण त्याच पानावर आपल्या भागातल्या विद्यापीठांच्या लोकपालांचा पत्ता आणि ईमेल चार ओळीत छापा.

आपला एक वाचक,
कोल्हापूर