पुरसीसवर सही करण्याआधी

नागपूर, शनिवार

चि. सोनूस अनेक आशीर्वाद.

पगारातून वसुलीच्या आदेशाविरुद्धची उच्च न्यायालयातली रिट याचिका मागे घ्यायचं तुझ्या वकीलसाहेबांनी सुचवलं, ते मला पटतं. राज्य सरकारी नोकरीतला वाद आधी मॅटमध्येच, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणातच, न्यावा लागतो. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून हे पक्कं आहे. सरकारी वकिलांचा आक्षेप टिकणारच.

पण नुसतं ‘मागे घेते’ म्हणू नकोस. पुन्हा दाद मागण्याची मुभा न मागता याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ मधलं हे तत्त्व सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालानं १९८६ साली रिटलाही लावलं. इतर उपाय त्यानं बंद होत नाहीत, हेही तिथंच म्हटलंय. तरी मॅटमध्ये समोरच्यांना हा मुद्दा हाती कशाला द्यायचा?

पुरसीसमध्ये, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनात, एकच विनंती असू दे: ‘मॅटपुढे दाद मागण्याची मुभा ठेवून याचिका मागे घेऊ द्यावी, सर्व मुद्दे खुले राहावेत.’ दोन वाक्यं केली की पहिलं मंजूर होतं आणि दुसरं राहून जातं. मागे घेण्याचं कारण ‘वैयक्तिक’ असं मुळीच लिहू नका. पर्यायी मंच उपलब्ध असल्यामुळे, असंच लिहा. पुढं मुदतीसाठी तेच कामी येतं.

मुदतीकडे नीट बघ. मॅटमध्ये अंतिम आदेशापासून १ वर्ष मिळतं. उच्च न्यायालयात गेलेले महिने आपोआप वजा होत नाहीत. मुदत कायद्याच्या कलम १४ चं तत्त्व दाखवून विलंबमाफीचा अर्ज मूळ अर्जासोबतच लाव. त्यात चार तारखा हव्यात: आदेश हाती आला, याचिका दाखल केली, मागे घेतली, मॅटमध्ये अर्ज दिला. दुसरी ते तिसरी हा काळ सद्‌हेतूनं चुकीच्या दारी गेला असं सांगता येतं. तिसरीनंतरचा दिवसन्‌दिवस मात्र तुझ्या खात्यावर.

आणि वसुलीवरची स्थगिती! याचिका संपली की तीही संपते, मग पुढच्याच पगारातून कपात. त्याच दिवशी ४ आठवड्यांची मुदतवाढ मागायला सांग. नाही मिळाली तर? म्हणून मॅटचा अर्ज स्थगितीच्या मागणीसह आधीच तयार ठेव.

आदेश संकेतस्थळावर आला की स्वतः वाच. ‘विड्रॉन’च्या (मागे घेतली) पुढे ‘लिबर्टी’ (मुभा) आहे का, एवढं बघ. मुभा मागितली होती आणि लिहायची राहिली असेल, तर ‘स्पीकिंग टू मिनिट्स’साठी, म्हणजे आदेशातली लिहिण्यातली चूक दुरुस्त करून घ्यायला, लगेच प्रकरण बोर्डावर घेता येतं. मागितलीच नसेल तर ती वाट नाही. पुनर्विलोकन उरतं, आणि ते फार अवघड.

प्रमाणित प्रतीचा अर्ज त्याच दिवशी दे. मॅटच्या अर्जात जुन्या याचिकेचा क्रमांक आणि आदेशाची तारीख स्पष्ट लिही. लपवलं तर त्यावरूनच अर्ज फेटाळला जाऊ शकतो.

सही करण्याआधी पुरसीसचा फोटो मला पाठव. सोमवारी सिव्हिल लाइन्सला मीही येतोय.

तुझा,
बाबा