नेकेस यांचेही चित्रपट दाखवा

महोदय,

जर्मन सिनेमा म्हटला की आपल्याकडे गाडी फासबिंडर, हेर्झोग आणि वेंडर्स यांच्यापुढे सरकत नाही. वेर्नर नेकेस (१९४४-२०१७) यांचे नाव क्वचितच निघते. १९६०च्या दशकापासून ते बड्या स्टुडिओंच्या वाटेला न जाता प्रयोगपट करत राहिले. लागोपाठच्या दोन चौकटींमधला (फ्रेम्समधला) फरक हाच सिनेमाचा मूळ घटक, असे ते मानत. होमर आणि जॉइस यांच्या आधाराने त्यांनी ‘उलिसेस’ (१९८२) केला आणि १९८६ मध्ये चक्क ‘जॉनी फ्लॅश’ हा विनोदी चित्रपटही! (प्रयोगवाल्यांना हसू वर्ज्य असते, असे कोण म्हणते?)

मला मोठा वाटतो तो त्यांचा सिनेमापूर्व दृक्‌यंत्रांचा संग्रह. उदाहरणार्थ, चकतीच्या एका बाजूला पक्षी, दुसऱ्या बाजूला पिंजरा. दोऱ्यांना पीळ देऊन ती गरगर फिरवली की पक्षी पिंजऱ्यात दिसतो. अशा खेळण्यांवर त्यांनी माहितीपटही केले. कल्याणच्या पटवर्धनांची शांबरिक खरोलिका, म्हणजे काचेवर रंगवलेली चित्रे दिव्याच्या उजेडाने पडद्यावर दाखवण्याचा खेळ, याच कुळातली. फिल्म सोसायट्यांनी ते माहितीपट आणि खरोलिकेचा खेळ एकाच संध्याकाळी ठेवावा. तिकीट काढून येऊ.

– एक चित्रपटप्रेमी, ठाणे