मनू ज्युदो सोडतेय

प्रिय दत्ता,

दिवाळीला फोन नाही केला म्हणून शिव्या घातल्या असशील, घाल. इकडे फ्रान्समध्ये सगळं ठीक. माझं बीपी गोळीवर आहे, हिची कंबर अधूनमधून धरते. पण आज लिहितोय ते वेगळ्या कारणासाठी, आणि ते तुझ्याशिवाय कुणाला कळायचं नाही. मनू ज्युदो सोडायचं म्हणतेय.

शनिवारी क्लबातून येताना गाडीत म्हणाली, "बाबा, हिरवा पट्टा मिळाला, आता बास. मला हँडबॉल खेळायचंय." रात्रभर डोळा लागला नाही माझा.

तू लगेच म्हणणार, "मी सांगत नव्हतो?" कट्ट्यावरचं आपलं ते भांडण. तुझं म्हणणं, रंगीत पट्टे म्हणजे पोरांना दाखवलेलं आमिष. आपले ज्युदोचे सर मध्ये पडले म्हणून, नाहीतर हातघाईवरच आलो होतो. दत्ता, मला ते आजही पटत नाही. जपानी ज्युदो शिक्षक कावाइशी 1935 ला पॅरिसला आले आणि त्यांनी ओळखलं, इथला माणूस वर्षानुवर्षं पांढऱ्या पट्ट्यावर थांबायचा नाही. म्हणून पिवळा, केशरी, हिरवा, निळा अशा पायऱ्या रुजवल्या. डावांना नंबर दिले. आपला ओसोतो गारी त्यांच्याकडे पायाचा पहिला डाव. त्यावरच तर इथे ज्युदो वाढला. 1955 मध्ये चक्क कायदा झाला, ज्युदो शिकवायचा तर सरकारी डिप्लोमा हवा. म्हणजे पोर भलत्याच्या हाती पडत नाही. आज फ्रेंच ज्युदो महासंघाचे सभासद पाच लाखांच्या वर आहेत, छोट्या गावातसुद्धा ज्युदोच्या गाद्या सापडतात. आणि 2021 ला टोकियो ऑलिम्पिकमध्ये, थेट ज्युदोच्या माहेरघरी बुडोकानमध्ये, सांघिक फायनलला फ्रान्सनं जपानला 4-1 हरवलं! तेव्हा फोनवर माझ्यापेक्षा मोठ्यानं तूच ओरडत होतास.

पण मनूचं ऐकल्यापासून धास्ती बसलीय. आमच्या क्लबात सहा-सात वर्षांच्या पोरांनी गादी नुसती भरून जाते. त्यांना पांढरा-पिवळा, पिवळा-केशरी असे अर्धे पट्टेही असतात. गाठ सारखी सुटते, मग नाक पुसत रांगेनं मास्तरांपुढे उभी राहतात आणि मास्तर गुडघ्यावर बसून एकेकाची बांधून देतात. तेरा-चौदाची मात्र बोटावर मोजण्याइतकी उरतात. शाळेचा अभ्यास वाढतो, मैत्रिणी दुसरीकडे जातात, की संपलं.

मनूलाही नुसता पट्टाच हवा होता का? नाही रे. मागच्या महिन्यात तिनं आपल्याहून जड मुलीला सेओई नागेनं खांद्यावरून घेतलं, तुझ्या धोबीपछाडाची आठवण झाली. आणि ती मुलगी पडेपर्यंत हिनं तिची बाही सोडली नाही, तिला लागू नये म्हणून वर ओढून धरली. पट्ट्यासाठी असं कुणी करत नाही. ते अंगात मुरावं लागतं, आणि मुरायला आत्ता कुठे लागलं होतं.

ही म्हणते, पोरीला हवं ते करू दे. जबरदस्ती मी करणारच नाही. सरांनी आपल्यावर कधी केली? तू वर्षभर गायब होतास, तेव्हा तुझा ड्रेस धुऊन त्यांनी खुंटीला टांगून ठेवला होता. आलास तेव्हा एवढंच म्हणाले, "चल, उकेमी कर." म्हणजे आपला तो न लागता पडायचा पहिला धडा. इथल्या मास्तरांना हे सांगितलं तर ते कितीतरी वेळ सरांबद्दलच विचारत बसले.

तुझ्या गाळ्याचं काय झालं? मालक भाडं वाढवणार होता ना? काकूंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट पार पडलं हे ताईकडून कळलं, बरं वाटलं. पुतणीच्या लग्नाला जमेलसं दिसत नाही, आहेर पाठवतो.

रविवारी मनूला फोन कर. मी लिहिलं हे कळू देऊ नकोस. समजावू नकोस, उपदेश तर मुळीच नको, तिला नुसती ती खुंटीची गोष्ट सांग. तुझं ती ऐकते. आणि पट्ट्यांचा वाद तिच्यापुढे काढू नकोस. मार्चमध्ये येतोय, तेव्हा काय ते आपण दोघं बघू.

तुझा,
सुऱ्या