तडजोड हुकूमनामा आणि दाव्याबाहेर राहिलेला हिस्सेदार

महोदय,

भावाभावांनी वाटपाच्या दाव्यात तडजोड पुरसिस (तडजोडीच्या अटींचे लेखी निवेदन) दिली, न्यायालयाने तसा हुकूमनामा (दाव्याचा अंतिम निर्णय) केला आणि बहिणीला ते फेरफाराच्या, म्हणजे सातबाऱ्यावरील नोंद बदलण्याच्या, नोटिशीवरून कळले, हा प्रकार जमिनीच्या दाव्यांत नवा नाही. कधी बहिणीच्या जागी पैसे मोजलेला खरेदीदार असतो, कधी वहिवाटीतले कूळ. अशांना गावात हमखास सल्ला मिळतो : हुकूमनामा रद्द करण्याचा दावा ठोका. नेमका तोच दावा बहुधा पहिल्या पायरीवर अडतो.

तडजोड बेकायदा होती या कारणावरून हुकूमनामा रद्द करून मागणारा स्वतंत्र दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3-अ ने बंद केला आहे. पक्षकाराची सही फसवून घेतली असेल, तर त्याने त्याच न्यायालयात अर्ज करायचा. पक्षकाराकडून जमीन घेतलेल्यालाही स्वतंत्र दाव्याची वाट नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये त्रिलोकीनाथ सिंह प्रकरणात ठरवले. म्हणून आधी पाहायचे ते एवढेच : आपला हक्क दाव्यातल्या पक्षकाराकडून आला आहे की स्वतःचा आहे?

बहिणीचा हक्क स्वतःचा. ती पक्षकार नसेल, तर भावांच्या तडजोडीने तिचा हिस्सा बुडत नाही. पण दाव्याची मांडणी जपून करावी. आपला हिस्सा ठरवून वाटप मिळावे आणि तो हुकूमनामा आपल्यावर बंधनकारक नाही असे जाहीर व्हावे, ही मागणी पुढे हवी. 'तडजोड रद्द करा' हे वाक्य मुख्य मागणीत घातले, की समोरचा वकील आदेश 7, नियम 11 खाली दावा फेटाळण्याचा अर्ज देणार हे धरून चाला.

दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल होऊन बेलीफ, म्हणजे न्यायालयाचा कर्मचारी, कब्जा घ्यायला आला, तर काठ्या घेऊन आडवे होण्यात अर्थ नाही. कागदपत्रांसह लेखी हरकत द्या आणि बेलीफच्या अहवालात ती नोंदवून घ्या. मग आदेश 21, नियम 97 खाली हक्काचा प्रश्न दरखास्तीतच ठरतो. नियम 101 मुळे त्यासाठी वेगळा दावा करता येत नाही. कब्जा गेलाच, तर नियम 99 चा अर्ज 30 दिवसांत. ही मुदत लोक सर्रास घालवतात, बहुतेक तहसील कचेरीत खेटे घालण्यात. दावा चालू असताना खरेदी केलेल्याला मात्र नियम 102 मुळे ही हरकत घेता येत नाही.

आणखी एक जागा तपासावी. दावा एका गटाचा आणि तडजोडीत हळूच दुसराही गट घातलेला, असे आढळते. दाव्याचा विषय नसलेल्या मिळकतीपुरता असा हुकूमनामा नोंदणी कायद्याच्या कलम 17 खाली नोंदवावा लागतो. नोंदणीशिवाय त्या गटाचा फेरफार मागितला असेल, तर हरकतीचा पहिला मुद्दा तोच.

फेरफाराच्या नोटिशीवर 15 दिवसांत लेखी हरकत घ्यावी आणि पोच ठेवावी. नोंद प्रमाणित झाली, तर प्रांताधिकाऱ्यांकडे 60 दिवसांत अपील आहे. सातबाऱ्यावरील नोंदीने मालकी ठरत नाही हे खरे, पण त्याच नोंदीवर कर्ज निघते आणि पुढची विक्री होते.

लोकअदालतीत तडजोड झाली असेल, तर त्या निवाड्यावर अपील नाही. आव्हान उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 किंवा 227 खाली, आणि तेही मोजक्या कारणांवर.

तडजोड कायदेशीर असल्याची खात्री न्यायालयाने करून घ्यावी, हे आदेश 23 च्या नियम 3 मध्येच आहे. जमिनीच्या दाव्यात पुरसिसीसोबत ताजा सातबारा, 'इतर हक्क' रकान्यातील नोंदींचे फेरफार आणि वंशावळीचे प्रतिज्ञापत्र घेतल्याशिवाय ती मंजूर करू नये. त्यासाठी कायदा बदलायला नको. उच्च न्यायालयाचे एक परिपत्रक पुरेल.

– एक दिवाणी वकील, सातारा