केबलचोराला दहा वर्षं दिली, तर माझ्या ओलिताचं काय?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मागच्या आठवड्यात आपल्या अंकात एका वाचकानं लिहिलं होतं, की विहिरीवरच्या केबल कापणाऱ्यांना सरळ दहा वर्षं आत टाकावं. त्यांचा संताप मला कळतो. माझ्या वावरातून दोनदा केबल गेली आहे. पण मी तीस वर्षं तालुक्याच्या कोर्टात एका वकीलसाहेबांकडे कारकुनीही केली. चोरीनंतर कागद कसा फिरतो ते जवळून पाहिलं, म्हणून लिहितो.

पहिली चोरी नोव्हेंबर २०१९ ची. हरभऱ्याला पहिलं ओलीत द्यायचं होतं. थ्री फेज लाईन रात्री अकराला यायची. टॉर्च घेऊन गेलो तर स्टार्टरची पेटी उघडी, केबल पेटीपाशीच कापलेली आणि पाणबुडी मोटार तेवढी दोराला लटकलेली. धुऱ्यावर हातभर जागा काळी पडली होती. वरचं रबर तिथंच जाळून तांबं काढून नेलं होतं. जळक्या रबराचा वास दोन दिवस वावरात होता.

सकाळी गावानं चहा संपायच्या आत निकाल देऊन टाकला: पारधी बेड्यावरच्या, म्हणजे त्यांच्या वस्तीवरच्या, पोरांचं काम. पुरावा काय? तर ते पारधी. इंग्रजांनी १८७१ साली अख्ख्या जमातींना जन्मापासून गुन्हेगार ठरवणारा कायदा केला, तो १९५२ साली रद्द झाला, पण आमच्या पारावर अजून चालू आहे. फौजदारी कायद्याचा पायाच असा, की माणसानं काय केलं आणि कोणत्या इराद्यानं केलं ते आधी सिद्ध व्हावं. धुऱ्यावर राहिलेली शेजाऱ्याची कुदळ मी आपली समजून उचलली तर ती चोरी नव्हे, कारण त्यात बेईमानी नाही. आणि कोण कुठं जन्मला याला तर काहीच अर्थ नाही. आठ दिवसांनी भंगारवाल्याकडून धागा लागला. पोरगा आमच्याच पुऱ्यातला निघाला, एकोणीस वर्षांचा, बारावी नापास. बेड्याची माफी मात्र कोणी मागितली नाही, मीही नाही.

खटल्याचं नाव पडलं ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध’ तो पोरगा. केबल माझी, ओलीत माझं बुडालं, आणि मी साक्षीदार क्रमांक एक! अनेक फिर्यादी आमच्या टेबलाशी येऊन यावरून चिडायचे. मी त्यांना गंजीचं उदाहरण द्यायचो. आपल्याकडे भांडण झालं की सोयाबीनची गंजी पेटते. जुन्या कायद्यात आग लावून शंभर रुपयांचं नुकसान केलं तर सात वर्षांपर्यंत शिक्षा होती, आणि शेतमाल असेल तर दहा रुपयांचं पुरे होतं. हा हिशेब ज्याची गंजी जळाली त्याच्यावर सोडला, तर पुढच्या दिवाळीत दुसऱ्याची गंजी जळते, मग गोठा, मग कोणाचं तरी डोकं फुटतं. सरकार मध्ये उभं राहतं ते यासाठी. शिक्षेचा अधिकार आपण आपल्या हातातून काढून सरकारकडे दिला आहे, आणि ते बरंच आहे. फक्त सरकारनं तो वापरताना आपल्याला विसरू नये.

आता पुढचं ऐका. पोराला जामीन झाला, पण जामीनदार मिळेना. सातबारा घेऊन कोर्टात उभं राहायला भावकीतलं कोणी तयार नव्हतं. अडीच महिने तो जिल्हा कारागृहात कच्चा कैदी, म्हणजे निकाल न लागलेला कैदी, म्हणून बसला. शिक्षेऐवजी चांगल्या वागणुकीच्या हमीवर सोडण्याच्या १९५८ च्या परिवीक्षा कायद्याप्रमाणे अशा गुन्ह्यात एकवीस वर्षांखालचा आरोपी दोषी ठरला, तरी त्याला तुरुंगात पाठवायचं झाल्यास कोर्टाला कारणं लिहावी लागतात. म्हणजे लगेच दोषी ठरला असता, तर बहुतेक घरी गेला असता. दोषी ठरला नव्हता म्हणून आत राहिला. मोर्शीच्या खुल्या कारागृहात कैदी शेती करतात, पण तिथं जायला आधी शिक्षा लागावी लागते. कच्च्या कैद्यानं बराकीत भिंतीकडे पाहत बसायचं आणि शेजारचा पक्का काय शिकवतो ते शिकायचं.

खटला चार वर्षं चालला. मी तीनदा पेशीला गेलो, तिन्ही वेळा ऐन हंगामात. जप्तीच्या पंचनाम्यावर सही केलेला पंच साक्षीत फितूर झाला. पोरगा निर्दोष सुटला. त्या दिवशी कोर्टाच्या पायरीवर त्याची आई मला म्हणाली, “भाऊ, त्यानं जेल भोगली, तुमाले केबल नाई भेटली. मंग हे सारं झालं काहून?”

तिला उत्तर देता आलं नाही. वकीलसाहेबांच्या पुस्तकांत शिक्षेचे हेतू पाठ होतील इतक्यांदा वाचले होते: केल्याचं फळ, इतरांना धाक, गुन्हेगाराला अटकाव, त्याची सुधारणा. यातला एकही माझ्या खटल्यात सापडेना. आणि कायदा मऊ होता म्हणून हे झालं असंही नाही. चोरीला तीन वर्षांपर्यंत कैद तेव्हाही होती, आजही आहे. ती दहा केली असती तर पंच फुटला नसता का? उलट लवकर फुटला असता. शेजारच्या पोराची दहा वर्षं आपल्या सहीनं जावीत असं गावात कोणाला वाटत नाही. शिक्षेचा धाक तिच्या कडकपणात नसून ती चुकत नाही यात असतो, हे इटलीच्या बेकारिया या कायद्याच्या विचारवंतानं १७६४ मध्येच सांगितलं होतं.

खरं सांगायचं तर चोरीचं प्रकरण केबलच्या मालकाला आपसात मिटवता येतं. मला ते ठाऊक होतं. पण तेव्हा माझंही डोकं तापलेलं होतं आणि मलाही तो आत हवा होता.

दुसरी चोरी जानेवारी २०२५ ची. तोवर १८६० ची दंडसंहिता जाऊन १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली होती. तिच्यात समाजसेवा ही नवी शिक्षा आहे. चोरीचा माल पाच हजारांच्या आतला, आरोपी पहिल्यांदाच दोषी ठरलेला, आणि त्यानं वस्तू किंवा तिची किंमत परत केली, तर कैद नाही, समाजसेवा. अनेक जण याला हसले. मी हसलो नाही. ज्याचं गेलं त्याला आधी परत द्या, हे चोरीच्या कलमातच लिहिलेलं मी पहिल्यांदा पाहिलं. एरवी भरपाई कोर्टाच्या मर्जीवर राहायची. भरपाईचा विचार केलाच पाहिजे आणि तसं निकालात दिसलं पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयाला २०१३ साली महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात बजावावं लागलं.

पण घोडं अडलं किमतीवर. पाच हजारांच्या आतली चोरी आता अदखलपात्र आहे, म्हणजे न्यायदंडाधिकाऱ्यांच्या हुकुमाशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही. माझी दीडशे फूट केबल साडेचार हजारांची. ठाण्यात एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याच्या नोंदीची पावती, फाडून हातात दिली आणि कोर्टात जा म्हणाले. चोर सापडलाच नाही, तर परत कोण देणार आणि समाजसेवा कोण करणार? शिवाय साडेचार हजार हे दुकानातले. चोराला तांब्याचे दीड-दोन हजार मिळाले असतील. माझं गेलं ते गव्हाचं एक ओलीत, दोन दिवसांची मजुरी आणि तालुक्याच्या तीन चकरा. हे कोणत्या रकान्यात भरायचं?

दहा वर्षांची मागणी करणाऱ्या वाचकांना माझी विनंती आहे, की त्यांनी हे मागावं: ओलिताच्या हंगामात मोटार, केबल, स्टार्टरची चोरी कितीचीही असो, दखलपात्र धरा. समाजसेवा लागली तर ती ज्या गावचं गेलं त्याच गावात करू द्या, नाल्यातला गाळ काढायला किंवा शाळेच्या कुंपणाला. मात्र ती कोर्टाच्या हुकुमानं आणि ठरलेल्या तासांपुरतीच. पारावर बसवून तोंडाला काळं फासणारे आमच्याकडे कमी नाहीत, आणि त्यांच्या हातात हे गेलं तर मी ही सूचना मागे घेतो.

एक राहिलंच. २०१९ च्या खटल्यात निकालाची शेवटची ओळ होती, की अपिलाची मुदत संपल्यावर मुद्देमाल फिर्यादीस परत द्यावा. सुपुर्दनाम्यावर, म्हणजे कोर्टाला हमी लिहून देऊन, तो आधीच सोडवता आला असता, पण जळकं तांबं घरी आणून काय करणार, म्हणून मी अर्जच केला नव्हता. लाखेचं सील, पंचांच्या सह्यांची चिठ्ठी, आत पावणेतीन किलोची गुंडाळी. पावतीवर सही करून घेऊन आलो आणि त्याच भंगारवाल्याला विकली. तालुक्यात तांबं घेणारा दुसरा कोणी नाही.

आपला,
एक शेतकरी वाचक,
जि. यवतमाळ